तारखेला हजर नाही, म्हणून केस काढून टाकली

सांगलीचं कौटुंबिक न्यायालय, सकाळची वेळ. पट्टेवाला दारात येऊन नाव पुकारतो, एकदा, दोनदा, कुणीच ओ देत नाही. नवरा हजर आहे पण जिनं अर्ज केलाय ती बाईच नाही, मग रोजनाम्यावर, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, येतं, अर्जदार गैरहजर, सबब अर्ज काढून टाकला. कोर्टातली माणसं म्हणतात, डिफॉल्टमध्ये डिसमिस झाली.

आता ती का आली नाही? सासर सांगलीत म्हणून केस इथं, पण राहायला माहेरी, जतच्या पुढं. पहाटेची एसटी चुकली की पुकारा गेलाच, नाहीतर पोरगं तापानं फणफणलंय, द्राक्षाच्या हंगामात खाडा केला की हजेरी बुडते, आणि कधीकधी तारीखच कुणी कळवलेली नसते. अशा बाईला केसची पर्वा नाही असं म्हणणं आम्हाला तरी पटत नाही. मूळ अर्ज गेला की त्यातली अंतरिम पोटगी, म्हणजे केस चालू असताना मिळणारी, तीसुद्धा पुढं चालत नाही, मुलांच्या ताब्याचं मागणं असेल तर तेही तिथंच थांबतं. (भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ ची, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १२५ ची पोटगी असेल तर ती फौजदारी प्रक्रियेनं चालते, ते वेगळं.)

पण हे नीट समजून घ्या, हा हरल्याचा निकाल नाही. तुमचं खरं की खोटं हे कोर्टानं तपासलेलंच नसतं. १९८४ च्या फॅमिली कोर्ट कायद्यामुळं इथं दिवाणी प्रक्रिया संहिता लागते, तिच्या ऑर्डर ९ मध्ये हे सगळं आहे. दोघंही आले नाहीत तर रूल ३, तेव्हा मुदतीत असाल तर नवीन अर्जही चालतो. समोरचा आला आणि तुम्ही नाही तर रूल ८, आणि खरी अडचण इथं, कारण त्याच कारणावर नवीन केस करायला रूल ९ ची मनाई आहे, जुनीच परत बोर्डावर आणायची, म्हणजे रिस्टोरेशनचा अर्ज द्यायचा.

त्याला मुदत ३० दिवस, डिसमिस झाल्या तारखेपासून, तुम्हाला कळल्यापासून नाही. बायका इथंच अडकतात, कारण कळतंच दोन-तीन महिन्यांनी. तरी मार्ग आहे, उशीर माफ करा म्हणून मुदत कायद्याच्या कलम ५ खाली वेगळा अर्ज जोडायचा, आणि का आला नाहीत ते पुराव्यासकट सांगायचं, डॉक्टरची चिठ्ठी, दवाखान्यात ॲडमिट केल्याचे कागद, जे असेल ते. नुसतं तब्येत बरी नव्हती लिहून भागत नाही. समोरच्याला नोटीस जाते, कोर्ट कधी खर्चही भरायला लावतं, पण केस परत सुरू होऊ शकते.

आणि वकील आहेत की बघायला, असं धरून चालू नका. या कोर्टात वकील हक्कानं नाही, परवानगीनं उभा राहतो, कलम १३ तसंच आहे. तारीख स्वतः बघा, ई-कोर्ट्स सर्व्हिसेस ॲपमध्ये १६ अक्षरी सीएनआर नंबर, म्हणजे प्रत्येक केसचा स्वतःचा नंबर, टाकला की दिसते, फोन पोरांकडं असतो तर त्यांना बघायला सांगा. वकिलाला द्यायला पैसे नाहीत म्हणून कुणी घरी बसली असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, बाईला उत्पन्न कितीही असो वकील फुकट मिळतो, १९८७ च्या कायद्यानं. फोन नंबर १५१००.