राजीखुशीने नांदायला

(उन्हाळी व्याख्यानमालेतलं भाषण. रेकॉर्डिंगवरून उतरवून घेतलंय, फार कापाकापी केलेली नाही.)

आवाज येतोय ना मागे? नाही? मग पुढे या ना. पुढच्या दोन रांगा कायम पाहुण्यांसाठी ठेवलेल्या असतात आणि पाहुणे बसतात मागे, पंख्याखाली. बरोबर आहे म्हणा, चाळीसगावात मे महिन्यात व्याख्यान ठेवणारा माणूस आणि ते ऐकायला येणारा माणूस, दोघांचीही एकदा तपासणी करायला पाहिजे.

कार्डावर विषय छापलाय, "कौटुंबिक हिंसाचारातून सुटलेल्या स्त्रियांना परदेशात आश्रय: पात्रता आणि कायदा". सेक्रेटरी आप्पांचं म्हणणं होतं की साहेब, पोटगीवर बोला, लोकं येतील. मी म्हणलं, आप्पा, पोटगीवर मी तीस वर्षांपासून कोर्टात बोलतोय, तिथेही कोणी ऐकत नाही.

तर आखाजी, म्हणजे आपल्या खान्देशातली अक्षय्य तृतीया, होऊन आता दहा दिवस झालेत. ज्यांच्या घरी लेकी आल्या होत्या त्यांच्या बहुतेक परत गेल्या असतील, झोके उतरले असतील, मांड्यांचं खापर परत माळ्यावर गेलं असेल. आणि दरवर्षी याच दिवसांत माझ्या ऑफिसला एखाद-दुसरा बाप येतो, टोपी हातात घेऊन बसतो आणि म्हणतो, साहेब, पोरगी जायचं नाव काढत नाही. आखाजीला आलेली लेक पाहुणी असते, आखाजी झाल्यावर राहिलेली लेक अर्जदार असते. मग तिची तपासणी सुरू होते, काय झालं, कितीदा मारलं, डाग दाखव, आधी का नाही बोललीस, आणि बोललीस तर मग परत का गेलीस, मामाकडे का नाही गेलीस. मामी सगळ्यात जास्त विचारते, कारण तिला माहिती असतं पुढचा नंबर तिच्या घराचा आहे. पुढे मी कॅनडाच्या रेफ्युजी बोर्डाचे, म्हणजे निर्वासितांचे अर्ज तपासणाऱ्या बोर्डाचे, निकाल वाचायला लागलो तर मला मोठी गंमत वाटली, अरे, हे तर मामीचेच प्रश्न! फक्त टाय घातलेले.

मी त्या निकालांकडे वळलो कसा, ते सांगतो. गाव, तालुका, वर्ष काही सांगणार नाही, उगाच अंदाज लावू नका.

एका रात्री मला कॅनडातल्या एका वकीलबाईचा ईमेल आला. इकडची एक मुलगी मावसबहिणीकडे व्हिजिटर व्हिसावर गेली होती आणि तिने तिथे असायलमचा, म्हणजे आश्रयाचा, अर्ज केला होता. नवरा मारतो, सासऱ्याचं राजकारणात वजन आहे, परत गेले तर जिवंत ठेवणार नाहीत, असं तिचं म्हणणं. सोबत तीन स्टॅम्पपेपरचं इंग्रजी भाषांतर जोडलेलं, आणि वकीलबाईचा प्रश्न एकच, या कागदांचा अर्थ काय? कारण बोर्डाच्या साहेबांनी पहिल्याच सुनावणीत तिला विचारलं होतं, तुम्ही तीन वेळा आनंदाने परत गेलात, असं तुम्हीच लिहून दिलंय.

आनंदाने! मूळ मराठी काय होतं ते तुम्हाला पाठ आहे. "मी लिहून देणार, राजीखुशीने, अक्कलहुशारीने, कोणाच्याही दडपणाखाली न येता, नशापाणी न करता, आज रोजी नांदायला जात आहे, यापुढे माझी सासरच्या मंडळींविरुद्ध काहीएक तक्रार राहणार नाही." जिने जन्मात लिंबूसोड्याच्या वर काही घेतलं नाही तिच्याकडून नशापाणी न करता असं लिहून घ्यायचं, आणि जो रोज घेतो त्याची सही खाली मान्य म्हणून. (हशा) हसा हसा, तुमच्यातल्या निम्म्यांनी अशा कागदांवर पंच म्हणून सह्या केल्यात, मला चेहरे ओळखू येतात.

आता 'नांदायला जात आहे' याचं त्या भाषांतरवाल्याने काय केलं? "एकत्र सुखाने राहायला". त्याचं तरी काय चुकलं, डिक्शनरीत तसंच असेल. पण नांदणं म्हणजे राहणं नाही हो. भाडेकरू राहतो, तो नांदत नाही. होस्टेलचा पोरगा राहतो. आणि बघा, नवरा कधीच नांदत नाही, तो नांदवतो. तुमच्याकडे मुलगा नांदतोय का असं कोणी विचारलंय का कधी? घरजावयालाही विचारत नाहीत, त्याच्या पाठीमागे काय बोलतात तो वेगळा विषय. नांदणं हे क्रियापद फक्त बाईला लागतं, आणि ते थांबवायचं असेल तर तिच्या हातात काही नाही, तिला कोणीतरी सोडावं लागतं, नाहीतर घेऊन यावं लागतं. मी या शब्दावर त्या वकीलबाईला दोन पानी ईमेल लिहिला. तिने एका ओळीत उत्तर दिलं की हे फार इंटरेस्टिंग आहे पण बोर्डापुढे शब्दकोश चालणार नाही, पुरावा लागेल.

आणि आता जे सांगायला मी खरं तर आलोय ते. मी त्या भाषांतरासोबतचे मूळ कागदांचे स्कॅन उघडले. तिन्ही कागद माझेच. माझ्याच टायपिस्टने केलेले, खाली माझाच शिक्का. प्रत्येकाचे पाचशे रुपये घेतले होते, नोटरीचे वेगळे. मग मला आठवायला लागलं. तिसऱ्या वेळी ती खुर्चीत बसली होती, बाप उभा, सासरचे दोघं बाहेर गाडीपाशी, आणि ती बापाला हळूच म्हणाली होती, "माले तठे नही जानं." मी ऐकलं होतं. टायपिस्टनेही ऐकलं होतं. आणि आम्ही राजीखुशीने असं टाइप केलं, कारण फॉरमॅट कॉम्प्युटरमध्ये सेव्ह होता, नाव आणि तारीख तेवढी बदलायची.

काय आप्पा? चिठ्ठी आली. "दहा मिनिटे." अहो, आत्ताच तर विषयाला हात घातला. बरं, मग कायदा पळतपळत सांगतो, नाहीतर कार्ड छापलं त्याचे पैसे वाया जायचे.

१९५१ चा जिनिव्हाचा निर्वासित करार. भारताने त्याच्यावर सही केलेली नाही, तो वेगळा वाद, आज नको. या करारात पाच खिडक्या आहेत, वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, राजकीय मत आणि "विशिष्ट सामाजिक गट". तुमच्यावरचा अत्याचार या पाचपैकी एका कारणाने झाला पाहिजे. बाई म्हणून झाला, अशी खिडकीच नाही. त्यामुळे नवऱ्याचा मार खाल्लेल्या बाईला पाचव्या खिडकीत उभं करतात, आणि तिथला साहेब विचारतो, तुमचा गट कोणता? शिवाय म्हणतात, हे तर घरगुती भांडण, त्याने दारू पिऊन मारलं, गटामुळे थोडंच मारलं.

याला सगळ्यात चांगलं उत्तर इंग्लंडच्या हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, म्हणजे तेव्हाच्या त्यांच्या सगळ्यात वरच्या कोर्टात, १९९९ ला मिळालं, शाह आणि इस्लाम या दोन पाकिस्तानी बायकांच्या केसमध्ये. लॉर्ड हॉफमन यांनी दाखला दिला तो असा, नाझी जर्मनीतल्या ज्यू दुकानदाराचं दुकान एक आर्य दुकानदार गुंडांकडून फोडतो. कशासाठी, तर धंद्यातली स्पर्धा. पण त्याची हिंमत का होते? कारण त्याला माहिती असतं की ज्यूच्या मदतीला पोलीस येणार नाहीत. म्हणजे नवऱ्याने का मारलं एवढंच बघायचं नाही, त्याला अडवायला कोणी का आलं नाही, हे पण बघायचं. मार अधिक सरकारने फिरवलेली पाठ, दोन्हीची बेरीज म्हणजे छळ. ही बेरीज मला लॉ कॉलेजात कोणी शिकवली नाही.

कॅनडाने १९९३ मध्येच स्त्री-निर्वासितांसाठी वेगळ्या गाइडलाइन्स काढल्या, असं करणारा तो पहिला देश. त्याच वर्षी त्यांच्या सुप्रीम कोर्टाने वॉर्डच्या निकालात सांगितलं की सरकार स्वतः मारणारं असलं पाहिजे असं नाही, वाचवायला असमर्थ असलं तरी पुरे. युरोपीय संघाच्या कोर्टाने २०२४ च्या जानेवारीत सरळ म्हणलं की एखाद्या देशातल्या सगळ्या स्त्रिया मिळूनसुद्धा गट होऊ शकतो.

अमेरिकेत मात्र आखाजीचा झोका चाललाय. ग्वाटेमालाच्या एका बाईला १९९६ ला असायलम मिळालं, १९९९ ला अपील बोर्डाने काढून घेतलं, २००१ ला अटर्नी जनरलने, म्हणजे सरकारच्याच न्यायखात्याच्या प्रमुखाने, बोर्डाचा तो निकाल रद्द केला, आणि पक्कं मिळायला २००९ उजाडलं. मग २०१४ ला दुसऱ्या एका केसमध्ये बोर्डाने गटाची व्याख्या मान्य केली, ती ऐका, "ग्वाटेमालातल्या, नातं सोडून जाऊ न शकणाऱ्या विवाहित स्त्रिया". अरे, हे ग्वाटेमाला कसलं, हे तर एरंडोल! याच अर्थाला आपल्याकडे एक क्रियापद आहे, ज्याच्यावर माझी दोन पानं फुकट गेली. तर २०१८ ला नव्या अटर्नी जनरलने ते उलटवलं, २०२१ ला पुढच्या सरकारच्या अटर्नी जनरलने पुन्हा सुलटं केलं, २०२५ ला पुन्हा उलटं. तिथे इमिग्रेशन कोर्टांचे निकाल सरकारचाच माणूस फिरवू शकतो, म्हणून सरकार बदललं की झोका दुसरीकडे. मधल्या वर्षांत ज्यांचा नंबर लागला त्यांचं नशीब.

दोन मिनिटं, आप्पा, दोनच.

आपल्या मुलीला कॅनडात आडवा आला तो वेगळाच मुद्दा, आणि भारतातून जाणाऱ्या खूप जणांना तोच आडवा येतो. जळगाव जिल्ह्यात धोका आहे, मान्य, पण तुमचा देश केवढा मोठा, पुण्याला का नाही गेलात, सुरतला का नाही गेलात? सुरतला! अहो, सुरतला अर्धा खान्देश राहतो. उधन्याला उतरून रिक्षा करेपर्यंत सासऱ्याला फोन गेलेला असेल. पुण्यात खोली घ्यायची तर आधार कार्ड, भाडेकरार, पोलीस व्हेरिफिकेशन, आणि मालकीणबाईंचा पहिला प्रश्न, मिस्टर काय करतात? कायद्यात दोनच गोष्टी बघतात, तिथे धोका आहे का, आणि तिथे जाऊन राहा असं तिला सांगणं वाजवी आहे का. पहिल्या गोष्टीत मारणारा तिला शोधू शकतो का आणि शोधायची त्याला खाज आहे का, हे आलंच. खान्देशातल्या सासऱ्याला ही खाज किती असते ते त्या साहेबांना कोण समजावणार?

आणि याच्यापेक्षा जास्त मला लागलं ते हे की आपले चांगले कायदेच तिच्या विरोधात वापरले. २००५ चा आपला घरगुती हिंसाचाराचा कायदा, २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू, त्यात बाईला राहत्या घरात राहायचा हक्क आहे, आणि ती तात्पुरती जिथे राहते तिथल्या कोर्टात अर्ज करता येतो. २०१९ ला रूपाली देवीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की सासरी छळ झाला तरी बाई जिथे आसऱ्याला गेली तिथे, म्हणजे माहेरीसुद्धा, ४९८-अ ची, म्हणजे सासरच्या छळाची, केस चालते; आता ते कलम न्याय संहितेत ८५ झालंय. मी या निकालावर शाळा-कॉलेजात भाषणं दिलीत, छाती फुगवून. बोर्डाच्या साहेबांनी साधारण हेच मुद्दे काढले, तुमच्या देशात एवढं सगळं आहे, मग तुम्ही एकदाही पोलिसात का गेला नाहीत? आणि उत्तर माझ्या शिक्क्याखाली होतं, "काहीएक तक्रार राहणार नाही".

मग मी पत्र लिहिलं. कायद्याचं ज्ञान नाही पाजळलं. लिहिलं की हे तिन्ही कागद मी केलेत, मजकूर माझ्या ऑफिसचा आहे, मुलीचा नाही, तो मी सगळ्यांना सारखाच देतो. तिसऱ्या वेळी ती जायचं नाही असं म्हणाली होती, ते मी ऐकलं होतं आणि लिहिलं नाही. आणि एक गोष्ट भाषांतरात आलेली नाही ती बघावी, पहिल्या दोन कागदांवर मुलीची सही आहे, तिसऱ्यावर डाव्या हाताचा अंगठा आहे. मुलगी बी. कॉम. आहे. त्या दिवशी तिच्या उजव्या हाताला प्लास्टर होतं आणि कशामुळे ते मी विचारलं नव्हतं.

निकाल विचारू नका. तिकडे अशा सुनावण्या बंद दाराआड होतात आणि मीही बोलणार नाही.

हां, बोला ताई. नाही, समझोत्याचे कागद अजून करतो, नाही म्हणलं तर शेजारच्या ऑफिसला जातात. पण आता आधी बाप आणि सासरचे बाहेर बसतात, मुलीला एकटीला विचारतो, आणि ती बोलते ते तिच्याच शब्दात टाइप होतं, अहिराणीत बोलली तर अहिराणीत. त्यामुळे माझ्याकडचे निम्मे कागद होतच नाहीत. टायपिस्ट नाराज आहे.

आप्पा, माइक बंद करा आता. ज्यांना काही दाखवायचं असेल त्यांनी चहाच्या टेबलाकडे या, आणि बायांनी एकट्या आलात तर बरं.