पहाटेचा डोस चुकवू नका

श्रोतेहो, नमस्कार. कोलोनोस्कोपी, म्हणजे मोठ्या आतड्याची दुर्बिणीने तपासणी, म्हटलं की धास्ती वाटते ती नळीची. खरी मेहनत मात्र आदल्या दिवशी घरी असते. आतडं साफ करायचं जुलाबाचं औषध अर्धवट पिऊन आलेल्या पेशंटला ‘पुन्हा या’ म्हणताना आम्हा नर्सेसना फार वाईट वाटतं.

दोन-तीन दिवस आधीपासून मऊ भात, मुगाच्या डाळीचं वरण, दही, इडली असं हलकं खा. पालेभाज्या, भाकरी, मोड आलेली कडधान्यं, पेरू, टोमॅटो बंद. उपासाला चालते म्हणून साबुदाण्याची खिचडीही नको, त्यात दाण्याचा कूट असतो. आदल्या दिवशी बहुतेक डॉक्टर फक्त आरपार दिसणारं पातळ घ्यायला सांगतात: शहाळ्याचं पाणी, गाळलेलं लिंबू सरबत, कोरा चहा. कोकम सरबत टाळा, तो लाल रंग आत रक्तासारखा दिसतो.

या औषधाची पावडर बहुधा 2 लिटर पाण्यात कालवायची असते. गार केली की चव सोसते. मळमळलं तर अर्धा तास थांबून सावकाश घ्या.

निम्मं औषध संध्याकाळी, निम्मं तपासणीच्या 4 ते 6 तास आधी. हा दुसरा डोसच लोक टाळतात. विरारहून, बदलापूरहून लोकलने यायचं, वाटेत लागली तर? भीती खरी आहे. पण रात्रीतून लहान आतड्यातला पिवळा, चिकट स्राव मोठ्या आतड्याच्या उजव्या बाजूला येऊन बसतो आणि चपटे पॉलिप, म्हणजे आतड्याच्या आतल्या अस्तरावरच्या छोट्या गाठी, त्याखाली दडतात. यातल्याच काहींचा वर्षानुवर्षांनी कॅन्सर होतो. म्हणून नंबर लावतानाच दुपारची वेळ मागा, नाहीतर रात्री हॉस्पिटलजवळच्या नातेवाइकांकडे मुक्काम करा. चाळीत सामाईक संडास असेल तर शेजाऱ्यांना आधी सांगून ठेवा, नळाला पाणी असतानाच दोन बादल्या जास्त भरा. यात लाजण्यासारखं काहीच नाही.

लोहाच्या गोळ्यांनी आतडं काळपट दिसतं, त्या साधारण आठवडाभर आधी बंद करायला सांगतात. रक्त पातळ करणाऱ्या आणि डायबेटिसच्या गोळ्या मात्र मनाने बंद करू नका, डॉक्टरांना विचारा. किडनीचा त्रास असेल तर तोही आधीच सांगा, औषध त्याप्रमाणे निवडावं लागतं.

शेवटी शौचाला लघवीसारखं पिवळं, गाळ नसलेलं पाणी यायला हवं. अजून तपकिरी येत असेल तर पोहोचताच नर्सला सांगा, त्यावर काय करायचं ते टेबलावर घेण्याआधी ठरवता येतं. आणि सोबत घरचं कुणीतरी आणा. गुंगीचं इंजेक्शन देतात, त्यामुळे त्या दिवशी गाडी चालवायची नाही, एकट्याने लोकलही पकडायची नाही.