सेंट लुईस विद्यापीठाचा 1906चा फुटबॉल हंगाम

नमस्कार, श्रोतेहो. आजचा फुटबॉल आपला नेहमीचा नाही. गोल चेंडू, गोलकीपर, हे सगळं तूर्त बाजूला ठेवा. हा अमेरिकन कॉलेजांचा फुटबॉल. चेंडू लांबट, दोन्ही टोकांना निमुळता. तो काखोटीला मारून पळायचं आणि समोरच्यांनी अंगावर येऊन पाडायचं.

1905पर्यंत या खेळात घोळक्यानं धडका मारणं हाच डाव होता. पोरं जखमी होत होती, दगावतही होती. अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी ऑक्टोबर 1905मध्ये हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या लोकांना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतलं. पुढच्या वर्षी नियम बदलले. त्यातला आपल्या कामाचा नियम एकच: चेंडू पुढे फेकायला परवानगी मिळाली. पुन्हा सांगतो, पुढे फेकायला. मागे तर आधीही देता येत होताच.

परवानगी मिळाली, पण अटी जाचक होत्या. चेंडू जिथून खेळात आला त्या जागेच्या डावीकडे किंवा उजवीकडे किमान 5 यार्ड सरकूनच पास दोन्ही संघांमधली रेषा ओलांडू शकत होता. आणि सगळ्यांत मोठी अट, ही नीट लक्षात ठेवा: फेकलेला चेंडू कुणाचाही हात न लागता जमिनीवर पडला, तर तो थेट प्रतिस्पर्ध्याचा. आज असा पास पडला तर एक संधी वाया जाते, एवढंच. तेव्हा चेंडूच जायचा. म्हणून बहुतेक प्रशिक्षक पासच्या वाटेला जाईनात.

सेंट लुईसचे प्रशिक्षक एडी कोकम्स मात्र गेले. उन्हाळ्यात त्यांनी संघ विस्कॉन्सिनमधल्या लेक ब्यूला इथे नेला आणि सराव कशाचा, तर पासचा. तेव्हाचा चेंडू आजच्यापेक्षा पोटाला फुगीर. 1912च्या नियमांत त्याचा मधला घेर 22½ ते 23 इंच दिला आहे. आजचा साधारण 21. असा चेंडू एका मुठीत मावत नाही. तो तळव्यानं ढकलला की हवेत कोलांट्या खातो आणि झेलणाऱ्याला अंदाजच येत नाही. कोकम्स यांचा उपाय असा: चेंडूच्या टोकाजवळच्या नाडीच्या दोन वेढ्यांमध्ये बोटं रोवायची, हात खांद्यावरून आणायचा आणि सोडताना चेंडूला लांबीच्या अक्षाभोवती फिरकी द्यायची. फिरकी बसली की टोक पुढेच राहतं आणि चेंडू सरळ जातो.

आता विस्कॉन्सिनमधल्याच वॉकेशा गावातला सामना. तारीख 5 सप्टेंबर 1906, समोर कॅरोल कॉलेज. सेंट लुईसची पळापळ काही केल्या पुढे सरकेना. कोकम्स यांनी पास मारायला सांगितलं. फेकणारा ब्रॅडबरी रॉबिन्सन, झेलणारा जॅक श्नायडर. रॉबिन्सननं फेकला... आणि चेंडू पडला. सरळ जमिनीवर. नियम आठवतोय ना? चेंडू कॅरोलचा! उन्हाळाभर ज्याच्यासाठी घाम गाळला, तो पहिलाच पास चेंडू घालवून बसला.

इथे दुसरा कुणी असता तर त्यानं पासचं नाव टाकलं असतं. कोकम्स यांनी तसं केलं नाही. चेंडू परत ताब्यात आल्यावर त्याच सामन्यात पुन्हा पास. पुन्हा रॉबिन्सन, पुन्हा श्नायडर. या वेळी 20 यार्डांचा, आणि श्नायडरनं थेट टचडाऊन केला, म्हणजे चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपलीकडे नेऊन गुण मिळवले. कॅरोलची फळी घोळक्याची धडक अडवायची सवय असलेली, आणि चेंडू गेला त्यांच्या डोक्यावरून! सेंट लुईसनं सामना 22-0 असा जिंकला. श्रोतेहो, तो पडलेला पास हाच अमेरिकन फुटबॉलमधला पहिला कायदेशीर पुढचा पास मानला जातो, आणि त्याच सामन्यातला दुसरा, तो पहिला झेललेला.

एक गोष्ट बोलल्याशिवाय राहवत नाही. पासचं श्रेय कितीतरी वर्षं 1913च्या नोत्र दाम विद्यापीठाच्या संघाला मिळत राहिलं. त्यांनी वेस्ट पॉइंटला तिथल्या लष्करी अकादमीच्या संघाला, म्हणजे आर्मीला, 35-13 हरवलं, सुंदरच खेळ होता तो. पण पूर्वेकडच्या बड्या वर्तमानपत्रांनी पाहिलं तेच घडलं, असं धरणं मला अन्यायाचं वाटतं. खेळाचा इतिहास लिहिणाऱ्यानं छोट्या गावांची वर्तमानपत्रंही चाळली पाहिजेत. आपल्याकडच्या कबड्डी-खोखोच्या बाबतीतही मी हेच म्हणेन.

असो. त्या हंगामात सेंट लुईस 11 सामने खेळलं आणि 11 जिंकलं. गुण केले 407, दिले फक्त 11. कॅन्ससच्या संघाला 34-2 हरवलं, आयोवाच्या संघाला 39-0. आयोवाविरुद्ध 10 पास फेकले, 8 झेलले, त्यांतून 4 टचडाऊन. रॉबिन्सन तेव्हा वैद्यकीय शिक्षण घेत होता. पुढे तो डॉक्टर झाला आणि मिशिगनमधल्या, नाव पुन्हा सेंट लुईसच, अशा गावाचा नगराध्यक्षही झाला.