गाडी सुटल्यावर फलाटावर उरलेला माणूस

नमस्कार श्रोतेहो.

ताटातुटीचा सिनेमा म्हटलं की आपल्याला आधी आठवतात ती जत्रेत हरवलेली भावंडं. एकाच्या दंडावर खूण, दुसऱ्याच्या गळ्यात ताईत, आणि शेवटच्या रिळात सगळ्यांची गळाभेट. अशा सिनेमांना मी नावं ठेवणार नाही. थिएटरात त्या गळाभेटीच्या वेळी माझी आई पदर डोळ्यांना लावायची, आणि ते रडणं अगदी खरं होतं. प्रश्न इतकाच पडतो की आपल्याकडच्या सिनेमाला इतकी माणसं हरवून पुन्हा शोधावीशी का वाटली?

१९६५ सालचा 'वक़्त' आठवा. लाला केदारनाथ भरल्या बैठकीत आपल्या बायकोकडे बघत 'ऐ मेरी ज़ोहराजबीं' म्हणतात, आणि थोड्याच वेळात भूकंप होतो. घर कोसळतं, तीन मुलं तीन वाटांना लागतात. निर्माते बी. आर. चोप्रा, दिग्दर्शक यश चोप्रा. या भावांचं घर लाहोरला होतं आणि फाळणीत ते सुटलं. यश चोप्रांनी १९६१ मध्ये 'धर्मपुत्र'मध्ये फाळणी थेट पडद्यावर आणून पाहिली होती. तो सिनेमा चालला नाही. भूकंप मात्र चालला. मला तो कधीच नुसता भूकंप वाटलेला नाही. ज्याचं नाव घेतलं की घसा दाटून येतो, ते धरणीकंपाच्या नावाने सांगून टाकलं, असंच वाटत आलं आहे.

लाला केदारनाथ झाले होते बलराज साहनी. मूळचे रावळपिंडीचे. आठ वर्षांनी याच बलराजजींनी आणखी एका मोडणाऱ्या घराच्या कर्त्याचं काम केलं. तिथे भूकंप नव्हता, आणि शेवटी मुलं परत भेटणारही नव्हती. तो सिनेमा एम. एस. सथ्यू यांचा 'गर्म हवा'. आज मला मुख्यतः त्याच्याबद्दलच बोलायचं आहे.

कथा इस्मत चुगताईंची, पटकथा कैफी आझमी आणि शमा झैदी यांची. गांधीजींच्या हत्येनंतरचा काळ, गाव आग्रा. सलीम मिर्झांचा जोड्यांचा कारखाना आहे. सिनेमा सुरू होतो तोच रेल्वे फलाटावर. पाकिस्तानला निघालेल्या नातलगांना पोचवायला मिर्झा आले आहेत. गाडी सुटते, हात हलतात, आणि ते एकटे बाहेर येऊन टांग्यात बसतात. आजूबाजूची हिरवी झाडं कशी तोडली जाताहेत, असं काहीतरी ते बोलतात. टांगेवाला म्हणतो, वारा फार गरम आहे मियाँ, जो उखडला नाही तो सुकून जाईल. हेच ते गरम वारं.

मग हे स्टेशन पुन्हा पुन्हा येतं. भाऊ जातो, थोरला मुलगा जातो. तोच फलाट, तीच शिट्टी. गाडीतल्या माणसाचं पुढे काय झालं, हे सथ्यू फारसं सांगतच नाहीत. कॅमेरा थांबतो तो फलाटावर उरलेल्या माणसापाशी. मला या सिनेमाचं मोठेपण तिथेच दिसतं. जाणाऱ्याला निदान वाट असते, सामान असतं, पुढच्या गावाची काळजी असते. राहिलेल्याला फक्त रिकामी खोली. बँक कर्ज देत नाही, भाड्याने घर मिळत नाही. कालपर्यंतचा शेजारी आज जरा वेगळ्या आवाजात बोलतो. माणूस आपल्याच गावात असतो आणि गाव त्याच्यापासून दूर निघालेलं असतं.

कोकणातल्या, घाटावरच्या श्रोत्यांना हे वेगळं सांगायला नको. चाकरमानी मुंबईला गेल्यावर मागे उरलेल्या घरात दिवेलागणीला कसं वाटतं, ते तुम्हाला ठाऊक आहे. पण तिथे गणपतीला, शिमग्याला एसटी येते. इथे येणारी गाडीच नव्हती.

'गर्म हवा'मधली आजी मला विसरता येत नाही. हवेली सोडायची वेळ येते तेव्हा ही म्हातारी लाकडं ठेवायच्या कोठडीत लपून बसते. शोधाशोध होते, नातू शोधून काढतो आणि उचलून बाहेर आणतो. पुढे ती मरणाला टेकते, पण जीव जात नाही. तो हवेलीत अडकलाय. मग डोलीत बसवून तिला तिथे नेतात. नवरी होऊन डोलीतूनच ती या घरात आली होती. जिना चढताना तिच्या कानात लग्नातले सूर वाजू लागतात. हे काम केलं बदर बेगम यांनी. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू होते, नीट दिसत नव्हतं, आणि आवाज दिला दीना पाठक यांनी. तरी चेहरा बघा, एक रेषा खोटी नाही.

ती हवेली घेणारे अजमानी हे सिंधी निर्वासित. स्वतःचं घर तिकडे टाकून आलेला हा माणूस, म्हणून तो म्हातारीला दार उघडतो. ते झाले होते ए. के. हंगल, जे खरोखरच कराची सोडून १९४९ मध्ये मुंबईत आले होते.

सिनेमा अगदी काटकसरीने झाला. चित्रीकरणाच्या जागी आवाज मुद्रित करायची सोय नव्हती. आग्र्यात विरोध होऊ लागला तेव्हा गर्दी दुसरीकडे वळवायला बिनफिल्मचा कॅमेरा घेऊन एक खोटं युनिट पाठवायचे. मिर्झांची मुलगी आमिना दोनदा लग्नाची वाट बघते, आणि दुसऱ्यांदाही लग्न होत नाही म्हटल्यावर नवरीच्या कपड्यात जीव देते. बलराजजी दारात उभे राहून नुसते बघतात. चित्रीकरणाच्या थोडंच आधी, १९७२ मध्ये, त्यांची स्वतःची मुलगी गेली होती. त्या दृश्याबद्दल मी याहून जास्त बोलणार नाही. डबिंग संपलं आणि १३ एप्रिल १९७३ ला ते गेले. तयार सिनेमा त्यांनी पाहिला नाही. तो लोकांपुढे यायलाही वेळ लागला, कारण सेन्सॉरकडे अडकला होता.

आता थोडं घरचं. मी कल्याणची. लढाईच्या काळातल्या लष्करी छावणीत सिंधमधून आलेली माणसं राहिली आणि १९४९ मध्ये त्या छावणीचं उल्हासनगर झालं, हे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. पंजाबचे, बंगालचे दोन तुकडे झाले. सिंध मात्र अख्खा तिकडे राहिला. इथे आलेल्यांना आपलं म्हणायला एक जिल्हाही उरला नाही. आमच्या ओळखीच्या एक सिंधी अम्मा होत्या. उन्हातून गेलं की आधी पापड आणि पाणी समोर यायचं, मग बोलणं. आपल्या गावाबद्दल मात्र अम्मा कधी बोलायच्या नाहीत.

एकदा त्यांच्याकडे आम्ही टीव्हीवर 'गर्म हवा' बघत बसलो होतो. कोठडीत लपलेली म्हातारी दिसली आणि अम्मांचा हात पापडाच्या ताटलीवरच थांबला. थोड्या वेळाने डोली निघाली तेव्हा त्या उठल्या. "दूध उतू जाईल," म्हणाल्या. गॅसवर काहीच नव्हतं.

मी बघत राहिले. आतून भांड्याचा आवाज येत होता. मग तोही थांबला, आणि स्वयंपाकघरातून त्यांनी विचारलं,

"पोचली का गं ती घरी?"

म्हटलं, "पोचली, अम्मा."