अगदी नव्यासारखी

(दृश्य : ह्यूस्टनबाहेरचा हायवे. कडेला सेकंडहँड गाड्यांचं आवार, वर फडफडणाऱ्या पताका.)

मीटरवर आकडा ४८,००० मैलांचा. गाडी चकाचक, आत सुगंधी फवारा मारलेला. आता जरा खाली वाकून ब्रेकचं पेडल बघा. रबरावरच्या रेघा पार झिजून सपाट झाल्यात. स्टिअरिंगवर जिथे हात बसतात, तिथलं चामडं तुकतुकीत. एवढ्याशा मैलांत गाडी अशी झिजत नाही.

मीटर मागे फिरवणं ही टेक्सासच्या कायद्यात नाव घेऊन लिहिलेली लबाडी आहे. हा कायदा १९७३ सालचा. त्याच्या आधीच शार्पस्टाउनच्या शेअर घोटाळ्याने टेक्सासचं राजकारण ढवळून निघालं होतं. मतदारांनी बऱ्याच जुन्या पुढाऱ्यांना घरी बसवलं, आणि नवे ॲटर्नी जनरल, म्हणजे राज्याचे मुख्य सरकारी वकील, जॉन हिल यांच्या काळात ग्राहकाच्या हाती हे हत्यार आलं. तिथे सगळे त्याला 'डीटीपीए' म्हणतात, म्हणजे 'डिसेप्टिव्ह ट्रेड प्रॅक्टिसेस ॲक्ट', फसव्या व्यापाराविरुद्धचा कायदा.

कायद्यात लबाड्यांची लांबलचक यादीच दिलीय. वापरलेला माल नवा म्हणून खपवणं. दुकान बंद होतंय अशी थाप मारून सेल लावणं. सरकारने आपत्ती जाहीर केल्यावर पेट्रोल, अन्न, औषधं अवाच्या सवा भावाने विकणं. वकील या यादीला 'लॉन्ड्री लिस्ट' म्हणतात, म्हणजे धोब्याकडे टाकायच्या कपड्यांची यादी. नाव शोभतं, मळकं ते सगळं त्यात आलंय.

(दृश्य : तळ्याकाठी ट्रेलरवर ठेवलेली जुनी मोटरबोट.)

या कायद्याची खरी गंमत एका बोटीने दाखवली. एका माणसाने आपली वापरलेली बोट विकली. तो काही बोटींचा व्यापारी नव्हता. बोलता बोलता म्हणाला, उत्तम स्थितीत आहे, अगदी नव्यासारखी. मोटरमध्ये दोष निघाला. विकणाऱ्याला त्याची खबरच नव्हती, तो खोटं बोलत नव्हता. पण जे बोलला ते खरं नव्हतं. १९८० मध्ये टेक्सासच्या सुप्रीम कोर्टाने निकाल दिला : शब्द चुकीचे होते, तेवढं पुरे. हा व्यवहार जुना, मूळच्या कायद्याखालचा, आणि त्या कायद्यात भरपाई सक्तीने नुकसानीच्या तिप्पट होती.

खरं सांगायचं तर मला त्या विकणाऱ्याची थोडी कीव येते. विधिमंडळालाही आली असावी. १९७९ मध्येच त्यांनी या सक्तीला कात्री लावली होती, १९९५ मध्ये आणखी लावली. आज तिप्पट हवी असेल तर एक शब्द सिद्ध करावा लागतो : 'जाणूनबुजून'. म्हणजे विकताना त्याला ठाऊक होतं, की हे खोटं आहे आणि तरीही मी सांगतोय. दुसऱ्याच्या मनातलं कोर्टात मांडायचं! पण मीटर आपोआप मागे फिरत नाही. जुन्या सर्व्हिसच्या नोंदीत ९५,००० मैल असतील आणि ते कागद डीलरच्याच फायलीत सापडले, तर त्याच्या मनात काय होतं हे फार शोधावं लागत नाही.

(दृश्य : स्वयंपाकघरातलं टेबल. वही, कॅल्क्युलेटर, गाडीचे कागद.)

आता हिशेब. समजा, गाडी ९,००० डॉलरला घेतली. मीटर खरं असतं तर ती १०,००० ची होती, प्रत्यक्षात निघाली ६,००० ची. मोजल्या पैशांवरून नुकसान ३,०००. जे सांगितलं होतं त्यावरून ४,०००. ग्राहकाने यातला मोठा आकडा धरावा, टेक्सासची कोर्टं तशी मुभा देतात. 'जाणूनबुजून' सिद्ध झालं तर ४,००० चे जास्तीत जास्त १२,०००. शिवाय जिंकलात तर तुमच्या वकिलाची वाजवी फी समोरच्याच्या खिशातून. दावा बिनबुडाचा किंवा नुसता छळायला केलेला ठरला, तर मात्र उलटं, त्याच्या वकिलाची फी तुम्ही भरायची.

आपल्याकडे ग्राहक आयोगाच्या बातम्यांत 'मानसिक त्रासापोटी' अमुक हजार, हे ठरलेलं वाक्य असतं. टेक्सासात मनस्ताप इतका स्वस्त नाही. आधी 'जाणूनबुजून' सिद्ध करा, मग त्रास नुसत्या चिडचिडीपलीकडचा होता हे दाखवा.

डीलर काचेवरच्या कागदाकडे बोट दाखवील : 'ॲज इज', जशी आहे तशी. डॅलस-ह्यूस्टनला नव्याने गेलेली आपली मराठी पोरं, खिशात बेताचे डॉलर, पहिलीच गाडी, हे दोन शब्द वाचून गप्प बसली तर नवल नाही. पण खोटं सांगून किंवा दोष लपवून सही घेतली असेल, तर तो कागद डीलरला वाचवत नाही.

दाव्याच्या ६० दिवस आधी लेखी नोटीस द्यावी लागते. तक्रार नेमकी काय, नुकसान किती, वकिलाचा खर्च किती, सगळं आकड्यांत. या मुदतीत डीलर गाडी तपासायला मागू शकतो, म्हणून लगेच खोलून दुरुस्त करून टाकू नका. तो तडजोडीची रक्कमही देऊ करू शकतो. ती झिडकारलीत आणि कोर्टाने जवळपास तेवढीच दिली, तर तिपटीचा हट्ट तिथेच संपला. रक्कम २०,००० डॉलरच्या आत असेल तर जस्टिस कोर्टात, म्हणजे छोट्या दाव्यांच्या कोर्टात, वकिलाविनाही उभं राहता येतं.

(दृश्य : गॅरेज. जॅकवर चढवलेली गाडी. मेकॅनिक बिल फाडून देतो.)

मुदत दोन वर्षांची. लबाडी कळली, किंवा थोडी चौकशी केली असती तर कळली असती, त्या दिवसापासून. म्हणजे मेकॅनिक मान हलवत म्हणाला, "ही गाडी ४८ हजारांची नाही", त्या दिवशी घड्याळ नक्कीच चालू झालेलं असतं. त्याच्या बिलावर, वरच्या कोपऱ्यात, तेलकट अंगठ्याच्या ठशाखाली तारीख आहे.