आधी उजेड, मग आवाज

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय ‘युद्धविषयक माहितीपटांचा संकलक : कामाचं स्वरूप आणि संधी’. तिकडे येतोच. आधी एक जुनं दुखणं मोकळं करू द्या.

माहितीपटात तोफगोळा पडतो, धूर उठतो आणि त्याच क्षणी ‘धडाम्’! कॅमेरा मात्र किलोमीटरभर लांब. फुटाळ्याच्या काठावरून पलीकडची आतषबाजी पाहिलेल्या नागपूरकराला हे सांगायला नको, की उजेड आधी येतो, आवाज मागून. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. आपल्या टाइमलाइनवर, म्हणजे संकलनाच्या पट्टीवर, सेकंदाला २५ फ्रेम (स्थिर चित्रं), म्हणजे एका फ्रेममध्ये आवाज जेमतेम १४ मीटर जातो. गोळा ३४० मीटरवर पडला तर आवाज २५ फ्रेम मागे सरकवा. किलोमीटरवर असेल तर ७३-७४. (मे महिन्यात, ४५ अंशांत, आवाज ३५८ मीटरने धावतो. त्या उन्हात नागपुरात धावणारी तेवढी एकच गोष्ट.)

नुसतं सरकवून भागत नाही. लांबच्या स्फोटातला करकरीत भाग हवेतच विरतो, उरते ती घुमणारी धडधड. म्हणून वरच्या फ्रिक्वेन्सी कापा. रायफलचं आणखी वेगळं. गोळी आवाजाहून वेगवान, त्यामुळे ज्याच्या जवळून ती जाते त्याला आधी ‘तड्’ ऐकू येतं, मग लांबून बंदुकीचा ‘ठप्प’.

आणि हे आवाज येतात कुठून? दुसऱ्या महायुद्धात आघाडीवरचे बहुतेक कॅमेरे मुके. आयमो कॅमेऱ्यात ३५ एमएमचं १०० फुटी रीळ, फुटाला १६ फ्रेम. २४च्या वेगाने ६७ सेकंदांत खलास. म्हणून शॉट तुटक, आणि ते जोडायला नंतर चिकटवलेला आवाज. निर्माता म्हणणार, ‘सिंक गेलाय वाटेल, चित्राशी आवाज जुळत नाही असं.’ वाटू द्या! पहिल्याच लाँग शॉटमध्ये पूर्ण उशीर ठेवा. तेवढ्यात प्रेक्षकाचा कान तयार होतो.

चिठ्ठी आली, पाच मिनिटं उरलीत. तर, कामाचं स्वरूप.

पुण्याच्या फिल्म संस्थेत, एफटीआयआयमध्ये, संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, नाहीतर सहायक म्हणून लागा. पहिलं काम लॉगिंग : प्रत्येक क्लिपचा रीळ क्रमांक, तारीख, ठिकाण, स्रोत, मूळ वेग. पहिल्या महायुद्धातलं फुटेज हाताने फिरवलेलं, बरंचसं सेकंदाला १६-१८ फ्रेमच्या आसपास; थेट २५ला चालवलं की जवान तुरुतुरु पळतात. वेग शॉटगणिक ठरवा, पावलं बघून. दिशा जुळवायला शॉट आरशासारखा उलटा करू नका. रायफलचा बोल्ट (काडतूस भरायचा दांडा) डावीकडे जातो, आणि कामठीची गार्ड्‌स रेजिमेंटची मंडळी समोर बसली असतील तर तिथेच हसतील. १९१६च्या, सोमच्या लढाईवरच्या चित्रपटातला खंदकातून वर चढण्याचा प्रसिद्ध शॉट रचलेला आहे. तो वापरताना निवेदनात तसं सांगा.

हक्कांचं पटकन. आपल्याकडे चित्रपटाचा हक्क ६० वर्षांचा, मोजायचा पुढच्या १ जानेवारीपासून. १९७१ला प्रकाशित झालेली फिल्म २०३१ संपेपर्यंत विचारल्याशिवाय वापरायची नाही. संग्रहालयं सहसा मिनिटावर किंवा सेकंदावर दर लावतात, तेव्हा टाइमकोडच्या (प्रत्येक फ्रेमवर वेळ छापलेल्या) हलक्या प्रतीवर कापणी पक्की करा, मगच मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची प्रत, मागवा. मागवताना प्रत्येक शॉटच्या दोन्ही टोकांना २५-२५ फ्रेम जास्त घ्या, नाहीतर शेवटच्या रात्री डिझॉल्व्ह (एक शॉट विरत दुसरा उमटणं) टाकायला चित्रच उरत नाही.