रिकामी लेन कुणाची?

नमस्कार श्रोतेहो.

मांडवीची भरती-ओहोटी आपल्याला कुणी समजावून सांगावी लागत नाही. पात्र तेच, पाणी तेच. काही तास ते समुद्राकडे ओढ घेतं आणि मग तेच पाणी उलटं आत चढू लागतं. जगातल्या काही शहरांनी रस्त्याची एखादी लेन अशीच चालवली आहे. सकाळी ती शहरात येणाऱ्यांची, संध्याकाळी शहरातून घरी परतणाऱ्यांची. ब्रिटनमध्ये या पद्धतीला ‘टायडल फ्लो’ म्हणतात, म्हणजे शब्दशः भरती-ओहोटीची वाहतूक. अमेरिकेत ‘रिव्हर्सिबल लेन’ म्हणतात. मी माझ्या विद्यार्थ्यांना शिकवताना ‘उलटती लेन’ म्हणतो. आज तुमच्याशीही त्याच नावाने बोलतो.

मी म्हापशात गाडी चालवायला शिकवतो. वीस वर्षं होऊन गेली. ही उलटती लेन मला पुस्तकात कधीच भेटली होती, पण ती खरी समजली एका दुपारी, आणि ती दुपार आठवली की आजही पाय आपोआप ब्रेकच्या दिशेने जातो.

महामार्गाच्या एका टप्प्यावर काम चालू होतं. एक बाजू खणून ठेवलेली, म्हणून दुसऱ्या बाजूने दोन्हीकडची वाहतूक सोडलेली. तिथे तीन लेन होत्या. मधली लेन प्लास्टिकचे शंकूसारखे कोन लावून एकदा इकडच्यांना, एकदा तिकडच्यांना द्यायचे. सकाळी मी त्याच रस्त्याने गेलो तेव्हा मधली लेन आमच्या दिशेची होती. दुपारी साडेचारच्या सुमारास एका विद्यार्थिनीला घेऊन पुन्हा त्याच दिशेने निघालो. नुकतीच नोकरीला लागलेली मुलगी, हात चांगला बसलेला. पुढे एक टेम्पो रखडत होता. उजवीकडची लेन समोर लांबवर रिकामी. तिने आरशात पाहिलं, इंडिकेटर दिला, आणि उजवीकडे घेतली. शिकवल्याप्रमाणे सगळं बरोबर. मीही गप्प बसलो, कारण माझ्या डोक्यात सकाळची लेन होती.

वळणावरून भरलेला टिप्पर आला, आमच्याच लेनमधून, समोरून. शिकवायच्या गाडीत माझ्या पायाखालीही एक ब्रेक असतो. तो मी दाबला, स्टिअरिंग डावीकडे ओढलं, टेम्पोच्या मागे जेमतेम जागा मिळाली. टिप्परवाल्याची काही चूक नव्हती. दुपारनंतर कोन पलीकडून अलीकडे सरकवले होते आणि लेन त्याची झाली होती. गाडी कडेला घेतल्यावर ती मुलगी थरथरत म्हणाली, “सर, लेन रिकामी होती ना?”

होती. पण आपली नव्हती. ती समोरून येणाऱ्यांसाठी रिकामी ठेवलेली होती. बाय, तुझी चूक नाही, मी सांगायला हवं होतं, एवढंच मी तिला त्या वेळी म्हणू शकलो. तेव्हापासून हा विषय मी प्रत्येक तुकडीला शिकवतो, लायसनच्या परीक्षेत विचारोत की न विचारोत.

आता ही लेन ओळखायची कशी? जिथे ती कायमची असते तिथे प्रत्येक लेनच्या डोक्यावर दिव्यांची कमान असते. चौकातला सिग्नल सगळ्या रस्त्याशी बोलतो, हा सिग्नल फक्त आपल्या खालच्या लेनशी बोलतो. खाली तोंड केलेला हिरवा बाण म्हणजे ही लेन आत्ता तुमच्या दिशेची आहे, या. तांबडी फुली म्हणजे ही लेन तुमची नाही. लक्षात घ्या, चौकातला तांबडा दिवा थांबायला सांगतो, मग हिरवा झाला की आपण जातो. तांबडी फुली थांबून वाट पाहण्यासाठी नसते. ती असेल तर त्या लेनमध्ये शिरायचंच नाही. आणि पिवळा तिरका बाण दिसला तर ही लेन बंद होत आली आहे, बाण दाखवतो त्या बाजूच्या लेनमध्ये सरका. अमेरिकेत या जागी पिवळी फुली असते, अर्थ तोच, लेन सोडायची तयारी करा.

आणि दिवे विझलेले असले तर? वीज गेली, बिघाड झाला, काहीही. इथे बहुतेक जण चुकतात. चौकातला सिग्नल बंद पडला तर आपण बघत बघत पुढे जातो, तीच सवय इथे वापरतात. उलटत्या लेनवरचा दिवा बंद म्हणजे ती लेन बंद. रशियाच्या वाहतूक नियमांत हे स्पष्ट लिहिलेलं आहे, की दोन्ही बाजूंना तुटक जोडरेघ असलेल्या लेनवरचे दिवे विझले असतील तर तिच्यात प्रवेश नाही. कारण सरळ आहे. दिवा नसेल तर समोरच्यालाही तो दिसत नाही, आणि तोही मनात म्हणत असेल की लेन आपलीच.

जमिनीवरची खूण म्हणजे ही तुटक जोडरेघ. लेनच्या दोन्ही अंगांना दोन-दोन तुटक रेघा शेजारी शेजारी. अशी रेघ दिसली की मान वर करायची, दिवा शोधायचा. नेहमीच्या रस्त्यावर रेघ बघून आपल्याला दिशा कळते. इथे रेघ फक्त एवढंच सांगते की दिशा रेघेवरून कळणार नाही.

दिशा बदलतात तेव्हा काय करतात, ते थोडं विस्ताराने सांगतो. सकाळचा हिरवा बाण विझवून लगेच समोरच्यांना हिरवा बाण देत नाहीत. आधी पिवळा दाखवून लेनमधली वाहनं बाहेर काढतात. मग दोन्ही बाजूंना तांबडी फुली ठेवतात. शेवटची गाडी बाहेर पडेपर्यंत ती लेन कुणाचीच नसते. पूर्ण रिकामी, आणि शेजारच्या लेनमध्ये गाड्यांची रांग लागलेली. मोह होतो तो नेमका या मिनिटांत.

आपल्या लोकांना हे नवीन वाटायला नको. चोडणची किंवा बेतीची फेरीबोट आठवा. धक्क्याला लागते, फळी खाली येते. त्याच फळीवरून उतरणारे उतरणार आणि चढणारे चढणार. आधी आतल्या गाड्या, स्कूटर, माणसं सगळी बाहेर येतात, आणि तोवर काठावरची रांग थांबते. फळी मोकळी झाली की मग आपण चढतो. मध्येच कुणी स्कूटर घुसवली तर चार जण ओरडतात. १९८६ च्या जुलैत मांडवीवरचा पूल कोसळला तेव्हा या फेरीबोटींवर केवढी गर्दी झाली होती, ते माझ्या वयाच्या लोकांना आठवत असेल. तेवढ्या गर्दीतही उतरणाऱ्यांना आधी वाट मिळायची. उलटत्या लेनला याहून वेगळं काही लागत नाही. फक्त समोरचा माणूस दिसत नसतो, त्याच्या जागी एक दिवा असतो.

ही पद्धत कुठे कुठे आहे? मी बरीच वर्षं हे वाचत आलोय, त्यातली तीन-चार ठिकाणं सांगतो. कॅनडात व्हँकूव्हरला लायन्स गेट नावाचा पूल आहे, १९३८ सालचा. त्यावर मोजून तीन लेन. मधली लेन दिव्यांनी चालवतात, जिकडे गर्दी तिकडे दोन लेन. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅमला १९७२ पासून एक रस्ता आहे, सात लेनचा, मध्ये दुभाजक नाही. तिथे मला सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे सातपैकी एक लेन नेहमी रिकामी ठेवतात. गर्दीच्या वेळी चार लेन इकडे, दोन तिकडे, आणि दोघांच्या मध्ये एक लेन कुणालाच नाही. एवढी जागा वाया घालवतात असं कुणाला वाटेल. पण समोरासमोरच्या वाहनांमध्ये काँक्रीटचा दुभाजक नसेल तर रिकामी जागाच दुभाजकाचं काम करते.

अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोच्या गोल्डन गेट पुलावर १९६३ पासून लेन उलटवतात. पन्नास वर्षांहून अधिक काळ तिथली माणसं ट्रकवरून हाताने प्लास्टिकच्या नळ्या काढून दुसऱ्या ओळीत खोचत होती. नळीने डोळ्यांना रेघ दिसते, पण भरधाव गाडी अडत नाही. समोरासमोरच्या धडका झाल्या, माणसं गेली. २०१५ च्या जानेवारीत तिथे सरकता दुभाजक बसवला. एकमेकांत अडकवलेल्या ठोकळ्यांची लांब साखळी, आणि एक यंत्र ती उचलत उचलत एका लेनभर बाजूला ठेवत जातं, कपड्याची चेन ओढावी तसं. न्यूझीलंडमध्ये ऑकलंडच्या पुलावरही आधी फक्त दिवे होते. जीवघेणे अपघात झाल्यावर १९९० मध्ये तिथे सरकता दुभाजक आला. म्हणजे ज्या देशांत लेनची शिस्त आपल्यापेक्षा जास्त पाळतात असं आपण ऐकतो, तिथेही केवळ दिव्यावर भागलं नाही. आपल्याकडे कुणी ही पद्धत आणायची म्हटली, तर पहिल्या दिवसापासून दुभाजकासकट आणावी, असं माझं ठाम मत आहे.

कुणी विचारेल, सर, आपल्याकडे असली लेन आहे कुठे? मी रोज म्हापशाहून पणजीला जातो त्या रस्त्यावर नाही. पण तात्पुरती उलटती लेन आपल्याला भेटतच असते. पर्वरीला उड्डाणपुलाचं काम सुरू झालं तेव्हापासून रस्ता कितीदा वळवला ते आपण पाहिलं. घाटात दरड कोसळली की एकाच बाजूने आळीपाळीने सोडतात. शिगम्याची मिरवणूक असली की अर्धा रस्ता मिरवणुकीला आणि उरलेल्या अर्ध्यात येणारे-जाणारे. तिथे डोक्यावर दिवे नसतात. कोन, बॅरिकेड, हातातला झेंडा आणि पोलिसाचा हात, एवढंच असतं. आणि पोलिसाचा हात दिव्यापेक्षा वरचा. दिवा एक सांगत असेल आणि शिपाई दुसरं, तर शिपायाचं ऐकायचं. कोन मात्र रोज बघायचे. काल कुठे होते, सकाळी कुठे होते, ते विसरून.

आता परदेशातल्या नियमांतल्या काही गोष्टी आपल्या डाव्या बाजूच्या वाहतुकीला लावून सांगतो. बाजूच्या रस्त्यावरून असल्या रस्त्यावर वळलात तर आधी सगळ्यात डावीकडची लेन धरा. वळता वळता मधल्या लेनमध्ये शिरू नका, कारण वळताना तुम्हाला डोक्यावरचा दिवा दिसलेलाच नसतो. डाव्या लेनमध्ये सरळ व्हा, पुढची कमान येऊ द्या, हिरवा बाण बघा, मग हवं तर उजवीकडे सरका. उलटत्या लेनमधून उजवीकडे वळणं आणि यू-टर्न घेणं पुष्कळ ठिकाणी मना असतं; पाटी नसेल तरी मी म्हणेन घेऊ नका. आणि दिवा एकदा बघून पुरत नाही. प्रत्येक कमानीखालून जाताना पुन्हा बघायचा.

दुचाकीवाल्यांना मला वेगळं सांगायचंय, कारण आपल्या गोव्यात घरटी स्कूटर आहे. आपली स्कूटर अरुंद, कुठूनही जाते, म्हणून रेघेवरून जायची सवय लागते. दोन लेनच्या मधली रेघ एरवी दोन एकाच दिशेच्या गाड्यांमधली असते. उलटत्या लेनची रेघ समोरासमोरच्या दोन गाड्यांमधली असू शकते. तिथे रेघेवर चालणं म्हणजे दोन भिंतींमधून चालणं, आणि त्यातली एक भिंत अंगावर येणारी. हेल्मेट घातलेलं असलं तरी.

कायद्याचं थोडक्यात. मोटार वाहन कायद्याच्या कलम १८४ मध्ये २०१९ च्या दुरुस्तीने धोकादायक वाहन चालवण्याची यादी दिली आहे. वाहतुकीच्या ठरवलेल्या दिशेच्या विरुद्ध गाडी चालवणं तिच्यात आहे. पहिल्या गुन्ह्याला सहा महिने ते एक वर्ष कैद किंवा १,००० ते ५,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. लेन उलटल्यावर तुम्ही जुन्या दिशेने तिच्यात शिरलात, तर तुम्ही विरुद्ध दिशेनेच चाललेले असता.

दिशा ही शेवटी माणसांनी आपसात केलेली बोली, म्हणजे ठराव आहे, हे आपल्या गोव्याच्या इतिहासातही दिसतं. १९२८ मध्ये पोर्तुगालने आपल्या देशात वाहतूक डावीकडून उजवीकडे नेली. गोवा तेव्हा त्यांच्याच ताब्यात होता, पण इथे डावी बाजूच राहिली, कारण शेजारी ब्रिटिश हिंदुस्थान, तिथे सगळे डावीकडून चालवत. सरहद्दीवर एका पावलात बाजू बदलायची म्हणजे केवढा घोटाळा. राज्यकर्त्यांनी आपल्या देशात एक बोली केली आणि इथे दुसरी चालू ठेवली, शेजाऱ्याशी जुळणारी. उलटत्या लेनमध्ये ही बोली दिवसातून दोनदा बदलते, आणि बदलल्याची खबर फक्त वर दिव्यात असते.

शेवटी एक, कारण हा प्रश्न मला दर तुकडीत येतो. उलटत्या लेनमध्ये असतानाच गाडी बंद पडली तर? चारही इंडिकेटर लावा. गाडी जरा जरी ढकलता येत असेल तर आपल्या दिशेच्या डावीकडे ढकला, मदतीची वाट बघत मध्ये थांबू नका. ढकलता येत नसेल तर डावीकडच्या गाड्या थांबलेल्या बघून सगळ्यांनी उतरा, मुलांना आधी, आणि रस्त्याच्या कडेला जाऊन ११२ ला फोन करा. फोनवर पहिलं वाक्य हे सांगा की गाडी मधल्या लेनमध्ये आहे, आणि लेनची दिशा बदलायची वेळ जवळ आली असेल तर तेही सांगा. म्हणजे पलीकडून येणाऱ्या गाड्या रोखायला त्यांना मदत होईल.

नमस्कार.